नोरा औनोर यांचे चित्रपट मुंबईकरांना पाहायला मिळावेत

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवारच्या पुरवणीत आशियाई चित्रपटांविषयी अधूनमधून जे लेख येतात, ते मी आवर्जून वाचतो. जपान, इराण आणि दक्षिण कोरिया या देशांतील चित्रपटांची मराठी वाचकाला आता चांगली ओळख झाली आहे आणि मुंबईतल्या महोत्सवांत त्यांच्या खेळांना रांगाही लागतात. फिलिपिन्सविषयी मात्र आपल्याकडे क्वचितच लिहिले जाते. त्या देशाच्या सर्वांत मोठ्या अभिनेत्री नोरा औनोर १६ एप्रिल २०२५ रोजी वयाच्या ७१व्या वर्षी निवर्तल्या, तेव्हा त्यांच्या योग्यतेची दखल मराठीत घेतलेली माझ्या वाचनात आली नाही. त्यांच्या जवळजवळ सहा दशकांच्या कारकिर्दीविषयी आपल्या वाचकांना सांगावे आणि मुंबईतल्या चित्रपटसंस्थांपुढे एक मागणी ठेवावी, या हेतूने हे पत्र लिहीत आहे.

माझी नोकरी मर्चंट नेव्हीत, जहाजाच्या इंजिनरूममध्ये झाली. जगातल्या व्यापारी जहाजांवर फिलिपिनो खलाशी फार मोठ्या संख्येने असतात आणि मुंबईतून व कोकणातून बोटीवर जाणाऱ्या आपल्या मुलांची उमेदीची वर्षे त्यांच्याच सोबतीने जातात. रात्रीचा वॉच संपवून मंडळी मेसरूममध्ये जमली की नोरा औनोर यांची गाणी म्हटली जात आणि व्हिडिओ कॅसेटवर त्यांचे चित्रपट लागत. संवाद मला कळत नसत. शेजारी बसलेला ऑइलर किंवा फिटर जमेल तशा इंग्रजीत प्रसंग समजावून सांगे आणि मधेच गप्प होऊन पडद्याकडे पाहत राही. घरापासून हजारो मैल दूर असलेली, अंगापिंडाने दणकट माणसे एका अभिनेत्रीच्या चेहऱ्याकडे इतक्या आदराने का पाहतात, याचे कुतूहल मला तेव्हापासून आहे. निवृत्तीनंतर तेच चित्रपट मी उपशीर्षकांसह पुन्हा पाहिले आणि त्या आदराचे कारण मला पटले.

त्यांचा जन्म २१ मे १९५३ रोजी लुझोन बेटाच्या आग्नेय भागातील बिकोल प्रदेशात, इरिगा या गावी झाला. मूळ नाव नोरा काबाल्तेरा विलामायोर. वडील रेल्वे स्थानकावर हमाली करत आणि लहानगी नोरा त्याच फलाटावर, थांबलेल्या गाडीच्या खिडक्यांपाशी जाऊन प्रवाशांना पिण्याचे पाणी विकत असे. आवाज उपजत गोड होता. गाण्याच्या स्पर्धांत मिळणारे बक्षीस घराला हातभार लावणारे असल्यामुळे ती स्पर्धांमागून स्पर्धा गात गेली आणि १९६७ साली, अवघ्या चौदाव्या वर्षी, ‘तावाग नग तांघालान’ या देशभर गाजलेल्या गायन स्पर्धेची महाविजेती ठरली. औनोर हे तिला आधार देणाऱ्या नातेवाइकांचे आडनाव. तेच तिने पुढे आयुष्यभर लावले. त्याच वर्षी साम्पागिता पिक्चर्स या मनिलातल्या जुन्या स्टुडिओने तिला करारबद्ध केले. ‘पर्ली शेल्स’ या गाण्याची तिने गायलेली तबकडी १९७१च्या सुमारास इतकी खपली की फिलिपिन्समधील सर्वाधिक खपाच्या तबकड्यांमध्ये आजही तिची गणना होते.

येथे त्या काळच्या फिलिपिनो पडद्याविषयी थोडे सांगणे भाग आहे. तीनशेहून अधिक वर्षे स्पेनची आणि त्यानंतर १९४६ पर्यंत, मधली जपानी ताब्याची वर्षे वगळता, अमेरिकेची सत्ता अनुभवलेल्या त्या देशात नायिका म्हणजे गोरी, उंच, युरोपीय वळणाच्या चेहऱ्याची असा दंडकच होता. मिश्र वंशाच्या कलावंतांनाच मुख्य भूमिका मिळत. सावळ्या वर्णाच्या, ठेंगण्या, नाकीडोळी अगदी गावाकडच्या दिसणाऱ्या मुलीला गाण्यापुरते घ्यावे, नायिका करू नये, असे त्या धंद्यातल्या जाणत्यांना वाटणे स्वाभाविक होते. प्रेक्षकांनी तो दंडक मोडून काढला. घरकाम करणाऱ्या बायका, कारखान्यातल्या मुली, बाजारात भाजी-मासळी विकणाऱ्या, शाळा अर्ध्यावर सुटलेल्या पोरी यांनी तिला आपली मानले, कारण त्यांच्यासारखी दिसणारी नायिका त्यांनी पडद्यावर आजवर पाहिलीच नव्हती. या चाहत्यांना ‘नोरानियन’ असे नावच पडले. तिर्सो क्रूझ तिसरा या तरुण नटाबरोबर तिची जोडी जमली, तेव्हा त्याने तिला भेट दिलेल्या मारिया लिओनोरा थेरेसा नावाच्या बाहुलीलाही लोक त्या दोघांचे मूल समजून जीव लावू लागले. आजच्या वाचकाला हे भाबडेपण वाटेल. मला त्यात एका मोठ्या समाजाची वर्षानुवर्षांची भूक दिसते. गोरेपणाच्या क्रीमच्या जाहिराती पाहतच आपल्याही मुली मोठ्या होतात, त्यामुळे या गोष्टीचे मोल मुंबईच्या वाचकाला वेगळे पटवून द्यायला नको.

त्याच काळात, १९५३ सालीच जन्मलेल्या विल्मा सांतोस या अभिनेत्रीशी त्यांची स्पर्धा सुरू झाली आणि पुढची अनेक वर्षे देशातले प्रेक्षक या दोघींच्या बाजूंनी वाटले गेले. विल्माबाई पुढे राजकारणात गेल्या आणि बातांगास प्रांताच्या गव्हर्नर झाल्या. नोराबाईंनीही २००१ साली आपल्या प्रांताच्या गव्हर्नरपदाची निवडणूक लढवली आणि त्या हरल्या. तो विषय मी येथेच सोडतो, कारण त्यांचे खरे कर्तृत्व दुसरीकडे आहे.

लोकप्रियतेच्या शिखरावर असताना, विशीतच, त्यांनी स्वतःची निर्मितीसंस्था काढली. गाण्याबजावण्याच्या चित्रपटांतून आलेला पैसा त्यांनी त्याच प्रकारच्या आणखी चित्रपटांत गुंतवला असता तर कोणी काही म्हटले नसते. त्यांनी तो मारिओ ओ'हारा आणि लिनो ब्रोका यांच्यासारख्या दिग्दर्शकांच्या हाती दिला. राष्ट्राध्यक्ष फर्डिनांड मार्कोस यांनी १९७२ साली लागू केलेल्या लष्करी कायद्याचा तो काळ होता. चित्रपटांवर सेन्सॉरची करडी नजर होती, आणि तरीही किंवा त्यामुळेच फिलिपिनो चित्रपटांचा सर्वांत तेजस्वी कालखंड तोच ठरला. या कालखंडाचे श्रेय समीक्षक दिग्दर्शकांना देतात आणि ते योग्यच आहे. परंतु त्यांतले काही महत्त्वाचे चित्रपट या बाईने स्वतःचे पैसे घातल्यामुळे निघाले, ही गोष्ट त्या श्रेयाच्या हिशेबात पुरेशी धरली जात नाही, असे माझे मत आहे. आपल्याकडे दुर्गाबाई खोटे यांनी नटी म्हणून नाव कमावल्यावर निर्मितीची जबाबदारी अंगावर घेतली होती, त्या धैर्याची येथे आठवण होते.

या संस्थेचा ‘तात्लोंग ताओंग वालांग दियोस’ हा १९७६ सालचा चित्रपट दुसऱ्या महायुद्धातील जपानी ताब्याच्या वर्षांत घडतो. रोझारिओ ही गावातली शाळामास्तरीण आहे. जपानी सैन्यातला, अर्ध्या फिलिपिनो रक्ताचा एक अधिकारी तिच्यावर बलात्कार करतो. पुढे पश्चात्तापाने तो तिच्या घराला सांभाळू पाहतो, आणि उपासमारीने, भीतीने व हळूहळू उमललेल्या एका गुंतागुंतीच्या भावनेने ती त्याच्याशी लग्न करते. युद्ध संपते तेव्हा गावकरी तिला फितूर ठरवतात. सत्तेपुढे वर्षानुवर्षे मुकाट राहिलेला जमाव एका असहाय बाईवर सगळा राग कसा काढतो, हे दाखवताना चित्रपट कोणालाही सोडत नाही. तेवीस वर्षांची, त्या क्षणी देशातली सर्वांत लाडकी नायिका स्वतःच्या खर्चाने ही भूमिका उभी करते आणि आपल्या चाहत्यांना रडवण्याऐवजी पेचात टाकते, हे मला फार मोठे वाटते. समीक्षकांच्या ‘गावाद उरियन’ पुरस्कारांच्या पहिल्याच वर्षी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान त्यांना याच चित्रपटासाठी मिळाला.

त्याच वर्षी आलेल्या ‘मिन्साय इसांग गामु-गामो’मध्ये त्यांनी अमेरिकेला जाण्याची स्वप्ने पाहणाऱ्या परिचारिकेची भूमिका केली. अमेरिकी लष्करी तळाजवळ तिच्या भावाला एक सैनिक गोळी घालतो आणि रानडुक्कर समजून गोळी झाडली असा खुलासा केला जातो. माझा भाऊ डुक्कर नव्हे, हा तिचा आक्रोश फिलिपिन्समध्ये लहानथोरांना पाठ आहे. क्लार्क आणि सुबिक येथील अमेरिकी तळ प्रत्यक्षात १९९१-९२ मध्ये हलले. म्हणजे हा प्रश्न लोकांच्या तोंडी आणणारा चित्रपट दीड दशक आधीच येऊन गेला होता.

‘बोना’ या १९८०च्या चित्रपटाविषयी मला थोडे अधिक लिहायचे आहे, कारण मुंबईसारख्या सिनेमाच्या शहरात तो आधीच पाहिला जायला हवा होता. लिनो ब्रोका यांनी दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटाची निर्मितीही नोराबाईंचीच. सुरुवातीला मनिलाच्या कियापो भागातली काळ्या नाझारेनोची मिरवणूक दिसते. येशूच्या त्या मूर्तीला, निदान तिच्या दोराला तरी, हात लागावा म्हणून हजारो माणसे एकमेकांवर कोसळत असतात. लालबागच्या गर्दीत एकदा उभा राहिलेला माणूस हे दृश्य परके म्हणणार नाही. लगेच कथा वळते ती चित्रपटांत किरकोळ कामे करणाऱ्या गार्दो नावाच्या नटाकडे आणि त्याच्या मागे वेडी झालेल्या बोनाकडे. चांगल्या घरातली ही मुलगी बापाचा मार खाऊन घर सोडते आणि झोपडपट्टीतल्या गार्दोच्या खोलीत राहायला जाते. ती त्याच्यासाठी पाणी भरते, त्याच्या आंघोळीचे पाणी तापवते, त्याला अंघोळ घालते, त्याने आणलेल्या इतर बायकांना दार उघडते. तिच्या भक्तीचे त्याला काहीच नसते. शेवटी सर्व मार्ग बंद झाल्यावर ती उकळते पाणी त्याच्या अंगावर ओतते, आणि चित्रपट तेथेच थांबतो.

लाखो चाहत्यांची देवी झालेल्या अभिनेत्रीने स्वतः चाहतीची भूमिका करावी आणि ती इतक्या निष्ठुर प्रामाणिकपणे करावी, याला दुसरे उदाहरण मला ठाऊक नाही. बोनाच्या चेहऱ्यावर सुरुवातीला जो उजेड असतो तो चित्रपटभर कणाकणाने विझत जातो, आणि हे सारे नोराबाई पाणी भरता भरता, भांडी घासता घासता दाखवतात. एकही मोठा संवाद त्यासाठी त्यांना लागत नाही. वांद्र्याला किंवा जुहूला नटांच्या बंगल्यांबाहेर जे तरुण दिवसचे दिवस उभे असतात, घरदार सोडून या शहरात येतात, त्यांच्याविषयी आपण वर्तमानपत्रांत चारदोन ओळी वाचतो. त्यांच्या मनात काय चालत असेल, हे समजण्यासाठी ‘बोना’ पाहावा. हा चित्रपट १९८१ साली कान महोत्सवातील ‘डायरेक्टर्स फोर्टनाइट’ या विभागात दाखवला गेला होता.

त्यांचा सर्वांत प्रसिद्ध चित्रपट अर्थातच इश्माएल बेर्नाल यांचा, रिकी ली यांनी लिहिलेला ‘हिमाला’. हे नाव ऐकून आपल्याला पर्वत आठवेल, पण तागालोग भाषेत त्याचा अर्थ चमत्कार असा आहे. दुष्काळाने होरपळलेल्या कुपांग नावाच्या गावात ग्रहणाच्या वेळी एल्सा या मुलीला मेरीमातेचे दर्शन घडल्याचे पसरते. ती रोग्यांना हात लावून बरे करू लागते. मागोमाग यात्रेकरू येतात, मेणबत्त्या आणि बाटलीबंद पाणी विकणारे येतात, निवासाची व्यवस्था करणारे येतात, वेश्याव्यवसाय येतो, आणि हे सगळे कॅमेऱ्यात टिपणारा एक चित्रपटकारही येतो. इलोकोस नोर्ते प्रांतातल्या उजाड वाळूच्या टेकड्यांवर चित्रित झालेल्या अखेरच्या प्रसंगात हजारोंच्या जमावापुढे उभी राहून एल्सा सांगते की चमत्कार वगैरे काही नाही. चमत्कारही माणसांच्या मनात असतो आणि शापही तेथेच, देव आपणच घडवतो. ज्या महाराष्ट्रात बुवाबाजीविरुद्ध लढताना डॉ. नरेंद्र दाभोलकरांना २०१३ साली प्राण गमवावे लागले आणि त्याच वर्षी जादूटोणाविरोधी कायदा झाला, तेथे या चित्रपटाला उपोद्घाताची गरज नाही. १९८३च्या बर्लिन महोत्सवात तो स्पर्धेत होता, आणि २००८ साली सीएनएनने घेतलेल्या प्रेक्षककौलात आशिया-प्रशांत विभागातला सार्वकालिक सर्वोत्तम चित्रपट म्हणून त्याची निवड झाली. एल्साच्या भूमिकेत नोराबाई बहुतेक वेळ शांत असतात. त्यांच्या डोळ्यांची फिलिपिन्समध्ये इतकी वाखाणणी का होते, ते येथे समजते. एल्सा खरी की खोटी, हे त्या डोळ्यांवरून शेवटपर्यंत ठरवता येत नाही.

पुढच्या दशकातल्या एकाच चित्रपटाविषयी लिहितो, कारण तो आमच्या बोटीवरच्या सोबत्यांच्या काळजाला भिडलेला होता. सिंगापूरमध्ये मोलकरीण म्हणून काम करणाऱ्या फ्लोर काँतेम्प्लासिओन या फिलिपिनो स्त्रीला खुनाच्या आरोपावरून १७ मार्च १९९५ रोजी फाशी देण्यात आली. फिलिपिन्सभर संतापाची लाट उसळली, कारण देशातल्या लाखो घरांतले कोणी ना कोणी परदेशी राबत असते. त्याच वर्षी जोएल लामांगान यांनी तिच्या आयुष्यावर चित्रपट काढला आणि नोरा औनोर यांना त्यातल्या भूमिकेसाठी कैरो आंतरराष्ट्रीय महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. त्याआधी १९७८च्या ‘आत्साय’मध्ये त्यांनी शहरात राबणारी मोलकरीण उभी केली होतीच. मनीऑर्डरीवर चाललेली घरे कोकणाने गिरणीच्या काळापासून पाहिली आहेत, आणि आखाती देशांत गेलेल्या माणसांच्या वाटेकडे डोळे लावून बसलेली गावे रत्नागिरी जिल्ह्यात आजही आहेत. घरापासून दूर राहून दुसऱ्याचे घर सांभाळणारी बाई काय गमावते, हे त्यांनी जितक्या आतून दाखवले तितके मी अन्य कोणाकडून पाहिलेले नाही.

नंतरची वर्षे खडतर होती. त्या अमेरिकेत जाऊन राहिल्या. २००५ साली लॉस एंजेलिसच्या विमानतळावर अमली पदार्थ जवळ बाळगल्याच्या आरोपावरून त्यांना अटक झाली, आणि ते प्रकरण पुढे निकालात निघाले तरी त्याचा डाग त्यांच्या नावामागे राहिला. २०१०च्या सुमारास जपानमध्ये करून घेतलेल्या एका सौंदर्योपचारानंतर त्यांचा गाण्याचा आवाज कायमचा गेला. ज्या आवाजाने इरिगाच्या फलाटावरून त्यांना उचलून आणले होते, तोच आता उरला नाही. २०११ साली त्या मायदेशी परतल्या तेव्हा त्यांचे वय अठ्ठावन्न होते.

परतल्यानंतर त्यांनी जे केले त्यामुळेच ‘दीर्घ कारकीर्द’ हा शब्द मी त्यांच्यासाठी पूर्ण विचार करून वापरतो. ब्रियांते मेंदोसा यांचा ‘दाय वूम’ हा चित्रपट २०१२ साली व्हेनिसच्या स्पर्धेत आला. देशाच्या दक्षिण टोकाला, तावी-तावीच्या समुद्रात खांबांवरच्या घरांत राहणाऱ्या बाजाऊ लोकांतली शालेहा ही सुईण आहे. तिने कित्येक बाळंतपणे केली आहेत, पण तिची कूस उजवलेली नाही. नवऱ्याला मूल हवे आहे म्हणून ती स्वतःच त्याच्यासाठी दुसरी बायको शोधायला निघते, मुलीकडच्यांना द्यायचे पैसे जमवते, होडीतून बेटाबेटांवर फिरते. नवी मुलगी मिळते, पण तिची अट असते की मूल झाल्यावर शालेहाने या घरातून निघून जावे. ते मूल शालेहाच्याच हातांवर जन्माला येते. या भूमिकेत संवाद अगदी मोजके आहेत. चटई विणताना, लग्नाच्या मेजवानीत इतरांबरोबर नाचताना, नवऱ्याच्या शेजारी होडीत बसलेली असताना त्यांच्या चेहऱ्यावर आनंद आणि दुःख एकाच वेळी असते आणि दोन्ही खरे वाटतात. व्हेनिसमध्ये मुख्य पुरस्कारांबरोबर समीक्षकांकडून दिल्या जाणाऱ्या ‘बिसातो दोरो’ या पुरस्काराने त्यांचा गौरव झाला. त्याच वर्षी त्यांना एशिया पॅसिफिक स्क्रीन अवॉर्ड आणि २०१३ साली हाँगकाँगमध्ये एशियन फिल्म अवॉर्ड मिळाले. साठीला आलेल्या, गळा गमावलेल्या बाईने आपल्या आयुष्यातली बहुधा सर्वांत श्रेष्ठ भूमिका तेव्हा केली. त्यानंतर २०१५ साली, ८ नोव्हेंबर २०१३च्या हैयान चक्रीवादळात उद्ध्वस्त झालेल्या ताक्लोबान शहरावरच्या ‘ताक्लुब’मध्ये मुले गमावलेली आई त्यांनी केली आणि तो चित्रपट कानमध्ये दाखवला गेला.

देशाने त्यांचा मान कसा केला, याचीही कथा सांगण्यासारखी आहे. फिलिपिन्समध्ये ‘राष्ट्रीय कलावंत’ हा कलाक्षेत्रातला सर्वोच्च सन्मान आहे. २०१४ साली सांस्कृतिक संस्थांनी त्यांचे नाव सुचवले असता तत्कालीन राष्ट्राध्यक्ष बेनिग्नो अकिनो तिसरे यांनी ते अमली पदार्थांच्या जुन्या प्रकरणाचे कारण देऊन यादीतून वगळले. कलावंत, लेखक आणि सामान्य चाहते यांनी त्याविरुद्ध आवाज उठवला. अखेर २०२२ साली तो सन्मान त्यांना मिळाला आणि त्याच यादीत ‘हिमाला’चे लेखक रिकी ली यांचेही नाव होते. माझे मत स्पष्ट आहे: माणसाच्या आयुष्यातली एक पडझड त्याच्या पन्नास वर्षांच्या कामावर भारी पडू देणे अन्यायाचे होते, आणि तो अन्याय त्यांच्या हयातीत दूर झाला याचा मला आनंद वाटतो. २२ एप्रिल २०२५ रोजी त्यांना राष्ट्रीय वीरांच्या स्मशानभूमीत लष्करी इतमामात निरोप देण्यात आला.

त्यांचे चित्रपट पाहताना मला प्रत्येक वेळी स्मिता पाटील यांची आठवण होते. दोघींच्या वयात जेमतेम अडीच वर्षांचे अंतर. दोघी सावळ्या, दोघींच्या डोळ्यांचे कौतुक झाले, दोघींनी कष्टकरी बायांचे चेहरे पडद्यावर आणले. मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या वाचणारी ती मुलगी १३ डिसेंबर १९८६ रोजी, एकतिसाव्या वर्षी गेली आणि चाळिशीतली, पन्नाशीतली, साठीतली स्मिता पाटील आपल्याला पाहायला मिळाली नाही. ती उणीव कशानेही भरून येणार नाही. पण अशा प्रतिभेची अभिनेत्री साठीत काय करू शकते, हे पाहायचे असेल तर शालेहाकडे पाहावे. आपल्याकडे गुणी अभिनेत्रींना चाळिशीनंतर नायकाची आई, सासू आणि वहिनी याच्या पलीकडे फार थोडे मिळते. मराठी रंगभूमीवर आणि पडद्यावर आज अशा किती तरी समर्थ स्त्रिया आहेत, ज्यांच्यासाठी कोणी भूमिका लिहीतच नाही. निर्मात्यांनी आणि लेखकांनी ‘दाय वूम’ यासाठीही पाहावा.

एक योगायोग येथे नोंदवतो. २०२४च्या कान महोत्सवातील अभिजात चित्रपटांच्या विभागात ‘बोना’ची नव्याने दुरुस्त केलेली प्रत दाखवली गेली, आणि त्याच विभागात स्मिता पाटील यांची भूमिका असलेल्या श्याम बेनेगल यांच्या ‘मंथन’ची, मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनने दुरुस्त केलेली प्रतही दाखवली गेली. ‘हिमाला’ची दुरुस्त प्रत तर २०१२ सालीच व्हेनिसमध्ये आली होती. दमट हवेने आणि हेळसांडीने फिलिपिन्समधले युद्धपूर्व काळातले जवळजवळ सर्व चित्रपट नष्ट झाले आहेत. पुण्यात २००३ साली लागलेल्या आगीत जुन्या भारतीय चित्रपटांच्या नायट्रेट फिती जळाल्या, त्यामुळे हे दुःख आपल्यालाही अनोळखी नाही. नोराबाईंचे महत्त्वाचे चित्रपट मात्र आज चांगल्या प्रतींत उपलब्ध आहेत. त्यामुळे ते येथे दाखवायला तांत्रिक अडचण उरलेली नाही.

म्हणून माझी मागणी अशी आहे. १९६८ पासून या शहराला जगभरचे चित्रपट दाखवणारे प्रभात चित्र मंडळ, थर्ड आय आशियाई चित्रपट महोत्सवाचे संयोजक आणि पेडर रोडवरचे भारतीय चित्रपटांचे राष्ट्रीय संग्रहालय यांनी मिळून नोरा औनोर यांच्या चित्रपटांचा एक छोटा महोत्सव मुंबईत भरवावा. ‘बोना’, ‘हिमाला’ आणि ‘दाय वूम’ हे तीन चित्रपट त्यात असले तरी सुरुवातीला पुरेसे आहे. शक्य असल्यास पडद्यावर मराठी उपशीर्षके द्यावीत. ते खर्चाचे वाटल्यास प्रत्येक चित्रपटाचा कथासार मराठीत छापून प्रेक्षकांच्या हाती द्यावा आणि खेळापूर्वी जाणकाराने दहा मिनिटे मराठीत बोलावे. खेळ फक्त दक्षिण मुंबईत ठेवू नयेत. मुलुंड, बोरिवली, घाटकोपर येथे पालिकेची आणि खासगी सभागृहे आहेत, आणि तेथला प्रेक्षक मरीन ड्राइव्हपर्यंत रात्री नऊच्या खेळाला येऊ शकत नाही.

यात आणखी एक गोष्ट माझ्या मनात आहे. महाराष्ट्रात घरेलू कामगारांसाठी २००८ साली कायदा झाला आणि त्यांच्या संघटना मुंबईत वर्षानुवर्षे काम करत आहेत. नोरा औनोर यांना सर्वप्रथम ज्या बायांनी उचलून धरले, त्यांच्यासारख्याच हजारो बाया रोज पहाटेच्या लोकलने आणि बसने आपल्या इमारतींत कामाला येतात. या संघटनांच्या मदतीने ‘आत्साय’ किंवा फ्लोर काँतेम्प्लासिओन यांच्यावरचा चित्रपट त्यांच्यासाठी विनामूल्य दाखवावा. त्यांना वाचायला वेळ लागेल अशा उपशीर्षकांऐवजी एखाद्या मराठी रंगकर्मी स्त्रीने पडद्याशेजारी बसून प्रसंग सांगत जावे; आम्ही बोटीवर ते चित्रपट असेच समजून घेत होतो आणि त्याने रसभंग होत नसे. बहुतेकींना रविवारी दुपारी दोन ते पाच एवढाच वेळ मोकळा मिळतो, तेव्हा खेळाची वेळ तीच ठेवावी. सभागृहाच्या भाड्यासाठी वर्गणी जमवण्याचे काम मी आणि माझे काही निवृत्त सहकारी आनंदाने करू. संस्थांनी फक्त चित्रपटांचे हक्क आणि प्रत यांची व्यवस्था पाहावी.

आपला नम्र,
एक निवृत्त नौ-अभियंता
मुलुंड (पूर्व), मुंबई